मराठीतून यहुदी धर्मशास्त्र : कोकणातील बेने इस्राएल समाजाच्या धर्मशिक्षणाचा एक अभ्यास

प्रस्तावना

कोकणच्या सामाजिक इतिहासात बेने इस्राएल समाजाचा उल्लेख बहुधा दोन कारणांसाठी येतो. नवगावच्या किनाऱ्यावर जहाज फुटून त्यांचे पूर्वज येथे आले ही आख्यायिका हे पहिले कारण. तेलाचे घाणे चालविणारे आणि शनिवारी काम बंद ठेवणारे ‘शनिवार तेली’ ही त्यांची जुनी ओळख हे दुसरे. रत्नागिरी जिल्ह्याच्या उत्तरेस, आजच्या रायगड जिल्ह्यातील किहीम, दिवे, पेझारी, राजपुरी, नवगाव अशा गावांवरून त्यांची आडनावे पडली. या समाजाचे मूळ कोणते आणि तो केव्हा आला, या प्रश्नांवर बरेच लेखन झाले आहे. त्या मानाने दुसरा एक प्रश्न उपेक्षित राहिला आहे. हिब्रू आणि अरामी भाषांत बंदिस्त असलेले यहुदी धर्मशास्त्र घाण्यावर, शेतात आणि पलटणीत राबणाऱ्या मराठी माणसापर्यंत पोहोचले कसे? ते शिकविणाऱ्यांनी कोणती साधने वापरली आणि त्या साधनांनी काय साधले, काय साधले नाही?

प्रस्तुत निबंधात या प्रश्नाचा विचार केला आहे. एकोणिसाव्या शतकात बेने इस्राएल समाजाने भाषांतर, शाळा व कीर्तन या तीन मार्गांनी आपले धर्मशास्त्र सर्वसामान्यांसाठी मराठीत आणले. हे कार्य मोठे होते. मात्र ज्या नियमांना कथेचा आधार होता ते या मार्गांनी घरोघर पोहोचले; ज्यांना तो नव्हता ते जाणकारांपुरतेच राहिले. शिवाय नवे शास्त्र शिकविण्याच्या भरात समाजाची स्वतःची जुनी चाल प्रमाण म्हणून नोंदविण्याचे काम मागे पडले. या दोन्ही गोष्टींचे महत्त्व १९६० नंतरच्या दशकात एका कठीण प्रसंगी प्रत्ययास आले.

चाल आणि शास्त्र

यहुदी धर्मनियमांच्या समग्र व्यवस्थेस ‘हलाखा’ म्हणतात. हा शब्द ‘चालणे’ या अर्थाच्या हिब्रू धातूशी जोडला जातो. मराठीत ‘चाल’, ‘चालरीत’ हे शब्दही चालण्यावरूनच आले आहेत, हे साम्य लक्षणीय आहे. परंतु हलाखा म्हणजे केवळ चाल नव्हे. तोरा, म्हणजे मोशेचे पाच ग्रंथ, त्यावरील मिश्ना व तालमूद यांतील चर्चा आणि पुढे बाराव्या शतकात मैमोनिदेसने व सोळाव्या शतकात योसेफ कारोने केलेली संहितीकरणे, अशा दीर्घ परंपरेतून हे शास्त्र सिद्ध झाले आहे. स्थानिक रूढीला त्यात ‘मिन्हाग’ अशी स्वतंत्र संज्ञा आहे. काही बाबतींत मिन्हाग नियमावर मात करतो, असेही यहुदी परंपरा मानते.

रत्नागिरी जिल्ह्याच्या भूमीतून आलेल्या महामहोपाध्याय पां. वा. काणे यांच्या ‘धर्मशास्त्राचा इतिहास’ (१९३० ते १९६२) या ग्रंथाच्या वाचकास हा विषय अपरिचित वाटणार नाही. श्रुती, स्मृती आणि सदाचार ही धर्माची प्रमाणे. त्यांतील सदाचाराचे स्थान कोणते आणि शास्त्र व रूढी यांत विरोध आल्यास बलवान कोण, हे प्रश्न काणे यांनी सविस्तर चर्चिले आहेत. हीच परिभाषा वापरायची, तर एकोणिसाव्या शतकापूर्वीचे बेने इस्राएल सदाचारावर जगत होते. श्रुती आणि स्मृती त्यांच्याजवळ ग्रंथरूपाने नव्हत्या.

त्यांच्या आचाराचे स्वरूप बरेचसे ज्ञात आहे. मुलाची सुंता आठव्या दिवशी होई. शनिवारी चूल पेटत नसे. खवले आणि पर नसलेला मासा वर्ज्य होता. ‘शमा’ हे एकेश्वरनिष्ठेचे हिब्रू वचन तेवढे कंठस्थ होते आणि जन्म, विवाह, मृत्यू अशा सर्व प्रसंगी तेच म्हटले जाई. सणांची नावे मराठी वळणाची होती. वर्षारंभाचा ‘नव्याचा सण’, प्रायश्चित्ताचा ‘दारफाळणीचा सण’, पुरीमचा ‘होळीचा सण’, वल्हांडणाचा ‘अनाशी ढाकाचा सण’ आणि यरुशलेमच्या मंदिराच्या विध्वंसाचा ‘बिरड्याचा रोजा’ ही त्यांतील काही. दारफाळणीच्या दिवशी दारे बंद करून, पांढरी वस्त्रे नेसून, उपवास करून लोक घरात राहत. प्रायश्चित्तदिनाची धर्मग्रंथातील आज्ञा त्यांनी वाचलेली नव्हती. तिचा मुख्य आचार मात्र टिकून होता. याउलट हनुक्का हा उत्तरकालीन सण त्यांच्या परंपरेत नव्हता. मैमोनिदेसने आपल्या एका पत्रात हिंदुस्थानातील यहुद्यांना शब्बाथ आणि आठव्या दिवशीची सुंता यांपलीकडे धर्माचे ज्ञान नाही, असे लिहिले आहे. ते कोकणातील यहुद्यांनाच उद्देशून होते काय, याविषयी मतभेद आहेत. तथापि ग्रंथनिष्ठ पंडिताची आचारनिष्ठ समाजाकडे पाहण्याची दृष्टी त्यातून दिसते.

समाजाच्या स्मृतीत पहिला शिक्षक म्हणून दावीद राहाबी याचे नाव आहे. हे लोक यहुदीच आहेत काय याची परीक्षा घेण्यासाठी त्याने स्त्रियांपुढे निरनिराळे मासे ठेवले. स्त्रियांनी पर आणि खवले नसलेले मासे बाजूला काढले, तेव्हा त्याची खात्री पटली, अशी कथा सांगतात. पुढे त्याने झिराटकर, शापूरकर व राजपूरकर या घराण्यांतील तिघांना धर्मविधी शिकविले. त्यांच्याकडे वंशपरंपरेने ‘काजी’पद आले. राहाबीच्या काळाविषयी एकमत नाही. समाजाची परंपरा त्याला फार प्राचीन मानते, तर अनेक अभ्यासक त्याचा संबंध अठराव्या शतकातील कोचीनच्या राहाबी घराण्याशी जोडतात. कथेचा कालनिर्णय काहीही असो, तिच्यातील एक बाब अर्थपूर्ण आहे. येथे परीक्षा झाली ती पुरुषांच्या पाठांतराची नव्हे, स्त्रियांच्या स्वयंपाकघराची. शास्त्र शिकविण्यापूर्वी शिक्षकाने चालीची साक्ष काढली आणि ती ग्राह्य मानली.

ग्रंथ आणि शाळा

अठराव्या शतकाच्या उत्तरार्धापासून बेने इस्राएल कुटुंबे मुंबईत स्थिरावू लागली. कंपनी सरकारच्या पलटणीतील अधिकारी सामाजी हसाजी उर्फ सॅम्युएल इझिकेल दिवेकर यांनी १७९६ मध्ये मुंबईत समाजाचे पहिले प्रार्थनामंदिर बांधले. या मंदिरास लोक ‘मशीद’ म्हणत. मशीद बंदर या नावाची उपपत्ती याच वास्तूशी जोडली जाते. प्रार्थनामंदिर झाले की विधिवत प्रार्थना आली, प्रार्थनेबरोबर हिब्रू आले आणि हिब्रूबरोबर शिक्षकाची गरज आली. १८२६ आणि १८३३ मध्ये कोचीनहून शिक्षक कोकणात व मुंबईत आले. रेवदंडा (१८४२), अलिबाग (१८४८), पनवेल (१८४९) येथे प्रार्थनामंदिरे उभी राहिली.

याच काळात दुसरीकडून अनपेक्षित साहाय्य झाले. अमेरिकन आणि स्कॉटिश मिशनऱ्यांनी बेने इस्राएल मुलांना आपल्या शाळांत घेतले. डॉ. जॉन विल्सन यांनी १८३२ मध्ये हिब्रू व्याकरणाची मूलतत्त्वे मराठीत प्रसिद्ध केली. जुन्या कराराचे मराठी भाषांतर उपलब्ध होऊ लागले आणि मोशेचे ग्रंथ बेने इस्राएल वाचक प्रथमच स्वतःच्या भाषेत वाचू लागले. मिशनऱ्यांचा हेतू धर्मांतराचा होता. प्रत्यक्षात धर्मांतरे अत्यल्प झाली. ज्या अक्षरज्ञानाने समाज ख्रिस्ती व्हावा अशी अपेक्षा होती, त्याच अक्षरज्ञानाने तो अधिक जाणता यहुदी झाला.

यापुढचे पाऊल समाजातील विद्वानांनी उचलले. वल्हांडणाच्या रात्री घरी वाचावयाच्या ‘हग्गादा’ या ग्रंथाची मराठी भाषांतरासह आवृत्ती मुंबईत १८४६ मध्ये निघाली. हग्गादा हे मुळातच सर्वसामान्यांसाठी केलेले धर्मशिक्षण आहे. त्यात चार पुत्रांचा दृष्टांत येतो. एक शहाणा, एक दुष्ट, एक साधाभोळा आणि एक ज्याला प्रश्नच विचारता येत नाही असा. प्रत्येकाला त्याच्या वकुबानुसार उत्तर द्यावे आणि ज्याला विचारता येत नाही त्याच्याशी पित्याने आपण होऊन बोलण्यास आरंभ करावा, असे तेथे सांगितले आहे. श्रोत्याला समजेल अशा रीतीने सांगणे हीच जेथे आज्ञा आहे, तेथे भाषांतर ही सवलत राहत नाही, कर्तव्य ठरते.

१८७४ मध्ये पुण्याहून मोझेस जेकब तळकर आणि आरोन डॅनियल तळकर यांनी प्रसिद्ध केलेली सचित्र मराठी हग्गादा या दृष्टीने विशेष अभ्यसनीय आहे. चित्रांची धाटणी लिव्होर्नो येथील युरोपीय आवृत्तीवरून घेतलेली असली, तरी बेखमीर भाकरी करणाऱ्या स्त्रिया साडी नेसून, जमिनीवर मांडी घालून बसलेल्या दाखविल्या आहेत. पीठ पाण्यात कालविल्यापासून ते आंबण्यापूर्वी, शास्त्राने अठरा मिनिटे मानलेल्या अवधीत, भाकरी भाजून झाली पाहिजे हा हलाखेचा नियम आहे. तो पाळण्याची जबाबदारी प्रत्यक्षात स्त्रियांवर असे. म्हणून भाकरी करणाऱ्या बाईला स्वतःसारखी बाई चित्रात दिसणे, हे त्या पुस्तकाचे मोठेच शैक्षणिक यश म्हटले पाहिजे.

भाषांतराच्या कार्यात जोसेफ इझिकेल राजपूरकर (१८३४–१९०५) यांचे नाव अग्रगण्य आहे. मुंबईच्या डेव्हिड ससून विद्यालयाचे ते दीर्घकाळ मुख्याध्यापक व मुंबई विद्यापीठाचे हिब्रूचे परीक्षक होते. नित्याच्या व सणांच्या प्रार्थना त्यांनी हिब्रूवरून मराठीत आणल्या. ज्यांना हिब्रू लिपी येत नव्हती त्यांच्यासाठी हिब्रू शब्द देवनागरीत छापलेली प्रार्थनापुस्तकेही समाजात प्रचारात आली. हाईम सॅम्युएल केहिमकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १८७५ मध्ये मुंबईत इस्राएली शाळा काढली. पुढे ती सर एली कदूरी विद्यालय म्हणून नावारूपास आली. १९०५ च्या मॅट्रिक परीक्षेत चमकलेल्या रिबेका रूबेन यांनी १९२२ ते १९५० या काळात तिचे मुख्याध्यापकपद भूषविले. ज्या परंपरेत शास्त्राभ्यास हा पुरुषांचा अधिकार मानला जाई, त्या परंपरेतील समाजाच्या मुख्य शाळेची धुरा अठ्ठावीस वर्षे एका स्त्रीकडे होती, ही घटना सामान्य नव्हे. डॉ. जेरुशा झिराड यांच्या पुढाकाराने १९२५ मध्ये मुंबईत स्थापन झालेल्या ज्यूईश रिलिजस युनियनचा विचारही याच संदर्भात करावा लागेल. अर्थ कळल्यावाचून प्रार्थना करावयाची नाही, हा उदारमतवादी आग्रह त्यामागे होता.

कीर्तन : कथेतून नियमाकडे

छापील पुस्तक साक्षरापर्यंत पोहोचते. निरक्षर स्त्रीपुरुषांचे काय, या प्रश्नाचे उत्तर समाजाने मराठी मातीतूनच घेतले. हरिकीर्तनाचा प्रभाव पाहून बेन्जामिन शिमशोन अष्टमकर आदींनी १८८० मध्ये मुंबईत कीर्तनोत्तेजक मंडळ स्थापन केले. अब्राहाम, योसेफ, मोशे इत्यादींची आख्याने मराठी पद्यात रचली जाऊ लागली, गायिली जाऊ लागली आणि त्यांची पुस्तकेही छापली गेली. साकी, दिंडी, आर्या, अभंग हे मराठी श्रोत्याच्या कानात बसलेले छंद. देव मात्र निराकार, आणि कथा तोरातील.

वरवर पाहता हा केवळ बाह्य रूपाचा स्वीकार वाटेल. तथापि कीर्तन आणि तोरा यांच्या रचनेत एक आंतरिक जवळीक आहे. तोरातही नियम अनेकदा कथेच्या पोटातून येतो. जगाच्या उत्पत्तीच्या कथेत सातव्या दिवसाची विश्रांती आहे. अब्राहामाच्या कथेत सुंतेचा करार आहे. याकोब रात्रभर झुंजला आणि त्याची मांडी लचकली, म्हणून इस्राएल लोक मांडीचा स्नायू खात नाहीत, असे उत्पत्तीच्या ग्रंथातच नमूद आहे. मिसरमधून निघण्याच्या घाईत कणीक आंबण्यास वेळ मिळाला नाही, म्हणून वल्हांडणास बेखमीर भाकरी. ‘असे का करावयाचे?’ या प्रश्नास ‘असे घडले म्हणून’ हे उत्तर देणारी ही पद्धती कीर्तनकाराला सर्वस्वी अनुकूल होती. श्रोता आख्यानाला येई आणि नियमाचे कारण घेऊन परत जाई.

परंतु येथेच या साधनाची मर्यादाही स्पष्ट होते. तोरातील सर्व नियम कथेतून येत नाहीत. अनुवाद या ग्रंथाच्या चोविसाव्या अध्यायात पतीने पत्नीस सूटपत्र लिहून देण्याचा नियम आहे. त्यावरून तालमूदात घटस्फोटलेखाचा, म्हणजे ‘गेट’चा, अतिशय सूक्ष्म विचार झाला. लेख कोणी लिहावा, नावे कशी लिहावीत, साक्षीदार कोण, तो पत्नीच्या हाती कसा पडावा, यांपैकी एकही बाब दिंडीत गाता येण्याजोगी नाही. निपुत्रिक मृताच्या विधवेने दिराशी विवाह करावा अथवा ‘हलित्सा’ या विधीने त्या बंधनातून मुक्त व्हावे, या नियमाभोवती तामार आणि रूथ यांच्या कथा आहेत खऱ्या, पण विधीचा तपशील कथेत नाही. असा भाग काजी व हजान यांच्यापुरता राहिला. लोकशिक्षणाचे कोणतेही साधन आपल्याला पेलेल तेवढेच शास्त्र उचलते. कीर्तनाने श्रद्धा, सण आणि आहारनियम उचलले. विवाहविच्छेदाचे शास्त्र त्याच्या कक्षेबाहेर राहिले.

१९६१–१९६४ : शास्त्राची विचारणा

१९४८ नंतर बेने इस्राएल समाजातील बहुसंख्य कुटुंबे इस्राएलला गेली. तेथे विवाहाची नोंदणी धर्मपीठाच्या अधिकारात येते. काही धर्माधिकाऱ्यांनी इतर यहुद्यांशी त्यांचे विवाह लावण्यास हरकत घेतली. हरकतीचा आधार नेमका वर उल्लेखिलेल्या विषयात होता. शेकडो वर्षे या समाजाला गेट आणि हलित्सा यांचे शास्त्र ठाऊक नव्हते; म्हणून पूर्वी कोणा स्त्रीचा विधिवत घटस्फोटाशिवाय पुनर्विवाह झाला असल्यास तिच्या संततीच्या विवाहयोग्यतेविषयी शंका राहते, असा तो युक्तिवाद होता. १९६१ मध्ये मुख्य धर्मपीठाने असे विवाह सरसकट निषिद्ध नसल्याचा निर्णय दिला. परंतु १९६२ मधील सूचनांनुसार अशा वधूवरांच्या पूर्वजांची चौकशी करावयाची होती. समाजात तीव्र असंतोष उसळला. दीर्घ आंदोलनानंतर ऑगस्ट १९६४ मध्ये इस्राएलच्या संसदेने बेने इस्राएल हे सर्व बाबतींत इतर यहुद्यांसारखेच यहुदी असल्याचे जाहीर केले आणि त्यानंतर त्या सूचनांतील समाजाचा नामनिर्देश काढून टाकण्यात आला.

समाजाचे उत्तर चालीवर आधारलेले होते. आमच्यात घटस्फोट जवळजवळ नव्हतेच आणि विधवांच्या पुनर्विवाहाची रूढीही नव्हती. तेव्हा ज्या दोषाची शंका घेतली जाते तो उद्भवण्यास जागाच नाही. हा युक्तिवाद वजनदार होता. मात्र त्यामागे एक विरोधाभास दडला आहे. विधवेने पुनर्विवाह करू नये ही रूढी शेजारच्या हिंदू समाजाच्या प्रभावाने आलेली मानली जाते. एकोणिसाव्या शतकातील महाराष्ट्रात सुधारकांनी ज्या रूढीविरुद्ध शास्त्राचा आधार शोधला, तीच रूढी विसाव्या शतकात बेने इस्राएल समाजाच्या वंशशुद्धीचे प्रमाण म्हणून पुढे आली. ज्या स्त्रियांनी तिची किंमत मोजली, त्यांची साक्ष कोणी घेतली नाही.

दुसरी बाब नोंदींची. एकोणिसाव्या शतकातील शिक्षकांनी जुन्या चालीला बहुशः अज्ञान मानले आणि तिच्या जागी शास्त्र आणले. दारफाळणीचा ‘किप्पूर’ झाला, बिरड्याच्या रोजाला हिब्रू नाव मिळाले. ही सुधारणा स्वाभाविक होती. पण विवाह, वैधव्य, पोटगी, वारसा यांविषयी गावोगावी काय चालत होते, याची प्रमाणभूत नोंद त्या मानाने फारच थोडी झाली. केहिमकर हे ठळक अपवाद होत. त्यांनी १८९७ मध्ये समाजाचा इतिहास इंग्रजीत लिहिला. तो तेल अवीव येथे १९३७ मध्ये, त्यांच्या निधनानंतर, प्रसिद्ध झाला. समाजाने शास्त्र मराठीत आणण्यासाठी जेवढे कष्ट घेतले, तेवढे आपली चाल लिहून ठेवण्यासाठी घेतले असते, तर धर्मपीठापुढील त्याची बाजू अधिक भक्कम झाली असती, असे म्हणण्यास जागा आहे.

समारोप

वरील विवेचनावरून काही निष्कर्ष निघतात. लोकभाषेतील धर्मशिक्षण म्हणजे शास्त्राचे सुलभीकरण वा अवमूल्यन, हा समज बेने इस्राएल समाजाच्या बाबतीत टिकत नाही. मराठीतून शास्त्र आले म्हणूनच विखुरलेल्या खेड्यांतील हा समाज जगातील यहुदी समाजाशी जोडला गेला. त्याच वेळी, कोणत्या साधनाने काय पोहोचते आणि काय मागे राहते, याचे भान शिकविणाऱ्यास ठेवावे लागते. कथा मनात रुजते, पण दस्तऐवजाचे काम कथा करू शकत नाही. तसेच ज्याला शिकवावयाचे त्याच्याजवळ आधीच असलेले ज्ञान प्रथम टिपून घेणे हा शिक्षणाचाच भाग आहे. माशांची परीक्षा घेणाऱ्या राहाबीच्या कथेने हे फार पूर्वी सांगितले होते.

आज भारतातील यहुद्यांची संख्या २०११ च्या जनगणनेनुसार सुमारे साडेचार हजार आहे. महाराष्ट्र शासनाने २०१६ मध्ये त्यांना अल्पसंख्याक दर्जा दिला. इस्राएलमध्ये स्थायिक झालेल्यांनी ‘मायबोली’ हे मराठी नियतकालिक काढले, आणि कीर्तनातील पदे तेथील वयस्क स्त्रियांच्या मुखी राहिली. कोकणात मात्र प्रार्थनामंदिरांतील शिलालेख, ‘केतुबा’ म्हणजे विवाहलेख, दफनभूमीतील मराठी-हिब्रू मजकूर आणि कीर्तनाची जुनी पुस्तके ही साधने विखुरलेली आहेत. त्यांचे वाचन केवळ हिब्रूच्या किंवा केवळ मराठीच्या अभ्यासकास साधणारे नाही. इतिहास, मराठी आणि विधी या विभागांनी एकत्र येऊन करावयाचे हे काम आहे, आणि कोकणातील महाविद्यालयांना ते आपल्या अंगणातच उपलब्ध आहे. जुन्या चाली सांगू शकणारी पिढी वयोवृद्ध झाली आहे. एकोणिसाव्या शतकात जी नोंद राहून गेली, ती करण्याची संधी आणखी फार काळ राहणार नाही.